कवड्याचं आवतन

१

मी भुताखेतांना मानत नाही. भूत म्हणून कोणी समोर आलंच, तर त्याच्याही हातात खुरपं देऊन मी त्याला निंदणाला बसवीन, असं मी गावात उघड म्हणत असे आणि बाया पदर तोंडाला लावून हसत. आजही मी माझं ते बोलणं मागं घेत नाही. जे घडलं त्याला मी भूत म्हणणार नाही. काय म्हणावं, ते मात्र मला अजून ठरवता आलेलं नाही.

आमचं गाव अकोल्याहून अमरावतीला जाणाऱ्या गाडीवाटेवर, मूर्तिजापूरच्या जरा अलीकडं. त्या साली कापसानं माणसं वेडी केली होती. सातासमुद्रापलीकडं गोऱ्यांची आपसात लढाई चालली होती म्हणे, आणि तिच्यापायी कापसाचे भाव चढून आमच्या वऱ्हाडात लोकांनी अंगण सोडून बाकी सगळं नांगरलं. गायरानही नांगरलं. ढोरांना चरायला उरली ती नाल्याकाठची खोलगट जागा. तिथं पूर्वी मेलेली जनावरं टाकत. गवत गुडघाभर, हिरवंगार, आणि जुनी माणसं तिकडं ढोरं सोडू देत नसत. पण त्या साली जुन्या माणसांचं ऐकायला कोणाला सवड होती?

माझ्या कुंकवाचे धनी किसनराव. शेती बेताची, पण बैलजोडी अशी की वाटेवरचे गाडीवान थांबून पाहायचे. उजवीकडं चांद्या, डावीकडं कवड्या. बैलाची बाजू एकदा ठरली की ठरली. डाव्याला उजवीकडं जुंपा, तो पाऊल उचलणार नाही. कवड्या तर मोकळा असतानाही उजवीकडं जोडीदाराची जागा सोडून चालायचा. त्याला चालवायला किसनरावांनी कधी काठी घेतली नाही. जिभेनं टाळूवर दोनदा टक् टक् केलं की तो निघायचा. जेवताना ते ताटात चतकोर पोळी ठेवायचे आणि हात धुवून ती त्याला नेऊन द्यायचे. घरात पाहुणे असोत की सुतक असो, ती चतकोर चुकली नाही. "माह्याशी एवढं बोलले असते तं माहं सोनं झालं असतं," असं मी म्हणे. ते नुसते हसत.

पोळ्याच्या आदल्या दिवशी आमच्याकडं खांदमळणी असते. वर्षभर जू वाहिलेले बैलांचे खांदे तूपहळदीनं मळायचे आणि मग माणसाला देतात तसं त्यांना जेवणाचं आवतन द्यायचं. दिवेलागणीला किसनरावांनी दोघांचे खांदे मळले आणि नेहमीचे शब्द म्हटले.

"आज आवतन घ्या, उद्या जेवाले या."

चांद्यानं कान हलवले. कवड्या तसाच उभा राहिला. किसनरावांच्या तळव्याखाली त्याची कातडी एकदा थरथरली.

"अंग लय गरम लागून राह्यलं व याचं," ते म्हणाले.

"दिवसभर उन्हात व्हता," मी म्हटलं. "उतरन."

उजाडताना मी शेण काढायला गेले, तेव्हा कवड्या मरून पडला होता.

२

आजारी जनावर मी खूप पाहिलं आहे. ते खात नाही, रवंथ करत नाही, कण्हतं. कवड्यानं यातलं काही केलं नव्हतं. नाकातून काळसर रक्त आलं होतं आणि ते गोठलं नव्हतं. मेल्यावर जनावर ताठतं, याचे पाय मऊच होते. मी पाय उचलून पाहिला तर झोपलेल्या पोराच्या हातासारखा तो सैल लागला.

ढोर ओढून नेणारी माणसं आली, त्यांना किसनरावांनी परत पाठवलं. "माह्या वावरातच पुरतो," म्हणाले. आमचा सालदार गडी नत्थुजी खड्डा खणायला गेला. किसनराव मात्र गोठ्यातून हलेनात.

"आवतन देल्लं व मी त्याले," ते म्हणाले.

"मेलेल्याले कायचं आवतन?"

"देल्लं तवा जिता व्हता. त्यानं ते घेतलं. आता मी त्याले 'येऊ नोको' म्हनू काय?"

आमच्याकडं दिलेलं आवतन मोडत नाहीत. वैऱ्याला दिलं तरी मोडत नाहीत. पण पुढं त्यांनी जे केलं ते आमच्या घरात कधी कोणी केलेलं नव्हतं. वावरात, खड्ड्याच्या काठावर, त्यांनी कवड्याच्या खांद्याची कातडी कापली. आदल्या संध्याकाळची हळद लागली होती तिथलीच, हातभर लांब पट्टी. सगळा तो येऊ शकत नव्हता, तर निदान त्याचं काहीतरी घरी यावं, एवढाच त्यांचा हिशेब. नत्थुजीनं दोर धरला, माती लोटली, पण कातड्याला हात लावायला तो तयार झाला नाही. किसनरावांनी ती ओली पट्टी उघड्या डाव्या खांद्यावर टाकली आणि चालत घरी आणली.

बैलांचे साज करणारा अब्दुल सत्तार आमच्या शेजारच्या गल्लीत राहायचा. त्यानं पट्टी हातात घेऊन बोटानं दाबली.

"हे ओलं हाय, किसनराव. मीठ लावून सुकवा लागते. चार रोज थांबा."

"पाहुना आज जेवाले येनार हाय, सत्तारभाई."

सत्तारनं त्यांच्या तोंडाकडं पाहिलं आणि सुईत दोरा ओवला. कवड्याचीच जुनी घुंगरं त्यानं त्या पट्टीवर शिवली. घाईत सुई एकदा मनगटाला लागली, तर मनगट धोतराला पुसून तो पुढं शिवत राहिला.

३

पोळा भरला. तोरणाखाली चांद्या एकटा उभा, गळ्यात तो पट्टा. गावातली माणसं पाहून नजर खाली करत होती. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं, पण किसनरावांच्या चेहऱ्यावर असं समाधान होतं की मी पदर सावरून उभी राहिले.

घरी आल्यावर त्यांनी पट्टा चांद्याच्या गळ्यातून काढून कवड्याच्या डाव्या खुंट्याला अडकवला. मी दोन सुपं वाढली. पुरणाच्या पोळ्या, भात, कढी. एक चांद्यापुढं ठेवलं, दुसरं रिकाम्या खुंट्यापुढं. गोठ्याचं दार लोटून आम्ही जेवायला बसलो.

परत गेलो तेव्हा दोन्ही सुपं रिकामी होती.

मी काही लगेच घाबरले नाही. चांद्यानं खाल्लं असेल. त्याचा दोर तिथवर पोहोचत नव्हता, मग कुत्र्यानं खाल्लं असेल. पण कुत्रं सूप ओढतं, उलटवतं, सांडतं. हे सूप जागचं हललं नव्हतं. आतून ओलं होतं, बैलाच्या खरखरीत जिभेनं चाटून पुसावं तसं, आणि त्याच्या बांबूच्या कामट्यांत कढीचा पिवळा डागसुद्धा राहिलेला नव्हता.

"आला व्हता," किसनराव म्हणाले.

त्यांच्या आवाजात भीती नव्हती. देवळातून बाहेर येणाऱ्या माणसाचा आवाज असतो तसा तो होता. मला तो आवाज आवडला नाही.

त्यानंतर घुंगरं वाजू लागली. मोठ्यानं नाही. मी दळायला बसले की एखादं, चूल पेटवताना एखादं. वारा, असं मी म्हणायची. मग एका दुपारी वारा इतका पडला होता की दिव्याची ज्योत हलली नसती, आणि तेव्हाही ती वाजली, उभ्या बैलानं पायावरचा भार बदलावा तशी.

४

किसनरावांच्या डाव्या खांद्यावर डास चावल्याएवढी पुळी आली. खाजते म्हणाले. मग तिथं पाण्याचा फोड आला, फोड फुटला आणि मधोमध काळं पडत गेलं. आधी सरकीएवढं, मग बोराएवढं. भोवती सूज चढली, मानेपर्यंत. बोट दाबलं की खळगा पडे आणि तसाच राही.

"दुखते काय?" मी विचारलं.

"नाही न."

"थोडंबी?"

"अव, नाही म्हनतो न. तिथी काही हायच नाही असं वाटते."

मी गोधडी शिवायची सुई घेतली आणि त्यांना न सांगता त्या काळ्या खपलीला टोचली. ते मागं वळून नत्थुजीशी कपाशीच्या पात्या-फुलांबद्दल बोलत होते. त्यांचा शब्दसुद्धा अडखळला नाही. काट्यानं टाच ठणकते, केसतूड झालं तर माणूस रात्रभर झोपत नाही, आणि इथं खांदा कोळशासारखा झाला होता नि माणूस हसत होता.

वैद्य भगवंतराव आले, त्यांनी कडुनिंबाचा लेप दिला. "काळपुळी म्हनते याले," म्हणाले. "पन ठनका नाही, पू नाही. मंग भेवाचं काई कारन नाही." भल्या माणसाला जे ठाऊक होतं ते त्यानं सांगितलं. जाताना मात्र त्यांनी एकदा वळून त्या खांद्याकडं पाहिलं. मी विचारलं, काय पाहता? ते म्हणाले, "काई नाही. जागा पाह्यली. जिथी जू बसते, बराबर तिथीच हाय."

मग ताप चढला. किसनराव आडवे पडले आणि बोलायचे थांबले. कूस बदलायची झाली तर डाव्याच कुशीवर. मी उजवीकडं बसले तर शांत राहायचे. डावीकडं गेले तर डोकं हलवून मला ढकलायचे, माणसाला मुळीच न शोभणाऱ्या रीतीनं, कपाळानं.

५

बिस्मिल्लाबी आली ती भर दुपारी. सत्तारची बायको. दारात उभी राहिली, आत येईना.

"दुर्गाबाई, यायले दफन करून आले लोक," ती म्हणाली.

मला काही समजेना. सत्तार आजारी आहे हे कानावर होतं, पण माझ्याच घरात आग लागलेली. मी तिला धरून आत आणलं, पाणी दिलं. ती रडली नाही. तिचं रडणं संपून गेलं होतं.

"मनगटावर आलं," ती म्हणाली. "बारीक पुळी. मंग काळी झाली. हात खांद्यापर्यंत सुजला, गळा सुजला, मंग श्वास बंद. अन शेवटवर म्हनत व्हते, दुखत नाही, बेगम, दुखतच नाही."

मी तिला आत नेऊन किसनरावांचा खांदा दाखवला. तिनं तोंडावर हात ठेवला.

आम्ही दोघी चुलीपाशी बसलो आणि एकेक गोष्ट वेगळी करून पाहू लागलो, सुपात डाळ पाखडतात तशी.

"तुमी त्यायच्या उशाशी बसल्या," ती म्हणाली. "मी बी बसली. सूज पुसली, उष्टं खाल्लं. आपल्याले काई झालं काय?"

"नाही."

"नत्थुजीले?"

"त्यानं माती लोटली. कातड्याले हात नाही लावला."

"अन यायनं शिवलं," ती म्हणाली. "सुई टोचली व्हती."

"अन आमच्या यायनं खांद्यावर टाकून आनलं."

दोघींनाही एकाच वेळी कळलं. माणसाचं माणसाला लागत नव्हतं. जे काही होतं ते त्या पट्ट्यात होतं. त्याच्या आधी कवड्यात, त्याच्याही आधी नाल्याकाठच्या त्या हिरव्या गवतात, आणि गवताखाली कोणाच्या आजा-पणजाच्या काळी मेलेल्या ढोरांत. इतकी वर्षं मातीनं ते पोटात जपून ठेवलं होतं आणि कोणी आवतन देतं का याची वाट पाहिली होती. मला भीती वाटायला हवी होती. पण मला खोल विहिरीत वाकून पाहिल्यासारखं झालं. पाणी दिसत नाही, नुसता गारवा तोंडावर येतो.

"जाळून टाका," बिस्मिल्लाबी म्हणाली. "हातानं धरू नोका, चिमट्यानं धरा."

६

ती गेल्यावर मी चिमटा घेऊन उठले. खाट रिकामी होती.

गोठ्याचं दार उघडं होतं. बाहेर ऊन इतकं होतं की आत गेल्यावर काही क्षण मला फक्त घुंगरं ऐकू आली. मग दिसू लागलं. किसनराव डाव्या खुंट्याच्याही पलीकडं, भिंतीशी उभे होते. मान वाकलेली, डोळे मिटलेले. उजवीकडं आपल्या जागी चांद्या. दोघांच्या मधे एका बैलाएवढी जागा मोकळी होती.

जोडीचे बैल थकले की एकमेकांवर रेलून उभे राहतात. चांद्या तसाच रेलून उभा होता. सगळं अंग डावीकडं टाकून, पाय तिरपे करून, सुखानं रवंथ करत. तो रेलला होता त्या मोकळ्या जागेवर. एवढं जनावर, एवढा तोल गेलेला, ते पडायला हवं होतं. ते पडत नव्हतं. त्याच्या डाव्या कुशीवरचे केस चपटे झाले होते, दुसऱ्या अंगाखाली दाबले जातात तसे, आणि माझ्या डोळ्यांदेखत ते हळूच दाबले जात होते आणि सुटत होते. कोणीतरी श्वास घेत होतं.

मी किती वेळ पाहत राहिले ते सांगता येणार नाही. मला हात जोडावेसे वाटले. हे मी लाजत नाही सांगायला. पण हातात चिमटा होता, आणि माझा माणूस मरत होता.

मी पट्टा चिमट्यानं उचलला आणि अंगणात नेऊन गोवऱ्यांवर टाकला. चुलीतला निखारा लावताच जाळ धरला. कातडं आक्रसलं आणि घुंगरं वाजू लागली. आधी भराभर, मग एका लयीत. ती लय मी रोज ऐकली होती. बैल रिकामी गाडी घेऊन निवांत निघाला की अशी वाजतात. घुंगरं माझ्यासमोर आगीत काळी पडत होती, आणि आवाज मात्र तिथं नव्हता. तो अंगण ओलांडून फाटकाशी गेला, फाटकातून वाटेला लागला, नाल्याच्या दिशेनं.

आणि त्या आवाजाच्या जरासं मागून, स्पष्ट, दोनदा: टक् टक्.

गोठ्यात धाडकन आवाज झाला. मी धावत गेले. चांद्या डाव्या अंगावर पडला होता आणि उठायला धडपडत होता. किसनराव भिंतीशी कोसळले होते. त्यांचे ओठ घट्ट मिटलेले होते. मी बोट घालून पाहिलं, दातखीळ बसली होती. त्या तोंडातून तो आवाज निघणं शक्य नव्हतं.

७

किसनराव वाचले. सूज ओसरली, काळी खपली सुटून पडली, खाली गुळगुळीत खळगा राहिला. बिस्मिल्लाबीचा नवरा गेला आणि माझा राहिला, म्हणून मी तिच्यासमोर वर मान करून बोलू शकत नसे. तीच येऊन मला धीर द्यायची. आम्ही दोघींनी नत्थुजीला लावून कवड्याच्या खड्ड्यावर चुना टाकला, काट्यांचं कुंपण घातलं आणि नाल्याकाठची जागाही बंद करवली. लोक कुरकुरले. पण त्या साली पुन्हा कोणाचं ढोर तसं मेलं नाही.

गाव म्हणालं, दुर्गाबाईचं कुंकू बळकट. मीही तसंच म्हणत होते.

फक्त ते बोलत नाहीत. तापानं वाचा गेली, असं भगवंतराव म्हणाले, आणि तसं होतं, मी ऐकलं आहे. वाटेनं चालताना ते डाव्या बाजूनं चालतात आणि उजवीकडं एकाची जागा सोडतात. त्या जागेत मी चालते. काम पूर्वीपेक्षा दुप्पट करतात. जेवताना ताटात काही ठेवत नाहीत, शेवटच्या शितापर्यंत सगळं पुसून खातात. मी पहिल्या दिवशी वाट पाहिली, दुसऱ्या दिवशी पाहिली, नंतर त्या ताटाकडं पाहणं सोडून दिलं.

वर्ष झालं. पुन्हा खांदमळणी आली. मी तूपहळद घेऊन गोठ्यात गेले तर ते आधीच डाव्या खुंट्याशी बसले होते, मान वाकवून. मी चांद्याचा खांदा मळला. मग त्यांचा मळला. तो खळगा माझ्या बोटांखाली थंड लागला. दोघंही थांबले होते. कशासाठी ते मला ठाऊक होतं.

"आज आवतन घ्या," मी म्हटलं, "उद्या जेवाले या."

दोघांनी कान टवकारावे, तसे ते स्तब्ध झाले. मी बाहेर आले. अंगणात सांज उतरत होती. फाटकाशी जाऊन मी नाल्याकडच्या वाटेकडं तोंड केलं. वाटेवर कोणी नव्हतं. मी पदर डोक्यावरून नीट घेतला, आणि आयुष्यभर ज्यांचं नाव मी तोंडानं घेतलं नव्हतं, त्यांचं नाव घेतलं.

"किसनराव, आज आवतन घ्या," मी म्हटलं. "उद्या जेवाले या."

दुसऱ्या दिवशी मी गोठ्यात दोन सुपं वाढली, एक चांद्यापुढं, एक डाव्या खुंट्यापुढं, आणि घरात, त्यांच्या जुन्या जागेवर, पाट मांडून एक ताट वाढलं. घराचं दार लोटून मी ओट्यावर बसून राहिले. आतून काही ऐकू आलं नाही. भांड्यांचा आवाज नाही, पाऊल नाही.

मग मी दार उघडलं. भात संपला होता, कढी संपली होती, तांब्यातलं पाणी निम्मं झालं होतं. ताटाच्या कडेला चतकोर पोळी ठेवलेली होती.

मी ती उचलली. खूप वेळ हातात धरून बसले आणि रडले. मग डोळे पुसून गोठ्यात गेले, आणि डाव्या खुंट्याशी जो बसला होता त्याच्यापुढं हात केला. त्यानं ती माझ्या तळहातावरून खाल्ली.